एलईडी वॉल घ्यावी की भाड्यानंच आणावी? (विटा, जि. सांगली)

विट्याचा_साउंडवाला

राम राम मंडळी. विट्यात आमचा साउंड-लाइटचा धंदा आहे, आबांच्या कर्ण्यांपासूनचा. आज माझ्याकडं दोन सेट साउंड, बेहरिंगरचा एक्स-३२ मिक्सर, डझनभर शार्प्या (फिरणारे बीम लाइट), पार लाइट, थोडा ट्रस, एक छोटा हत्ती आणि दोन कायमची पोरं आहेत. सीझनला बाकीची रोजावर.

विषय असा की आता फोन आला की पार्टी पहिलं विचारते, "स्क्रीन हाय का?" हळद असो, जावळ असो, कबड्डी असो. साउंड कुठला लावणार हे कुणी विचारतच नाही. बैलगाडा मैदानाला स्क्रीन नसली तर पब्लिक आयोजकाला शिव्या घालतं आणि आयोजक मला.

आजवर मी सांगलीहून दुसऱ्याची स्क्रीन आणून लावतो. त्यात सुटतात हजार-दोन हजार, आणि डोक्याला ताप वेगळाच. त्यांचा ऑपरेटर दुपारी तीनला येतो, कार्यक्रम चारला. नाव खराब होतं ते माझं.

आता एकानं कोटेशन दिलंय. १२ बाय ८ फुटांची आउटडोअर एलईडी वॉल, म्हणजे ती मोठी स्क्रीनच, पी ३.९१ (दोन ठिपक्यांत ३.९१ मिलिमीटर), चित्र पाठवणारा प्रोसेसर, पेट्या, केबल धरून साडेसहा लाख, वर जीएसटी. पतसंस्था कर्ज द्यायला तयार आहे. भाचा म्हणतो आजच घे. आबा म्हणतात, "आधी बेसच्या स्पीकरचं कर्ज फेड." अडचण ही की तीन सीझनमागं १२ बाय ८ ला १५ हजार सहज मिळायचे, आता आमच्याच तालुक्यात ८ हजारांत उभी करून देतात, वर डिझेल त्यांचंच.

पेपरात वाचतो की लाइव्ह इव्हेंटच्या धंद्याला सोन्याचे दिवस आलेत. कोल्डप्ले काय, दिलजीत काय. ते सोनं विट्याच्या रस्त्यानं कधी येणार ते सांगा. थट्टा नाही, खरंच विचारतोय. ज्यांनी वॉल घेतली त्यांनी खरं सांगावं, हप्ता सुटतो का?

बेसवाला_कराड

घेऊन टाका राव, जास्त विचार केला तर दुसरा घेतो. स्क्रीन घेतली तर निदान साउंडची ऑर्डर हातची जात नाही. आमच्याकडं पार्ट्या आता एकालाच सगळं देतात.

पण एक सांगतो, स्क्रीनच्या नादात कॉर्डलेस माइक बघून घ्या. ५जी आल्यापासून आमचे जुने माइक भर कार्यक्रमात खरखरायला लागलेत. परवा कीर्तनात महाराजांचा आवाज तीनदा गेला.

पिक्सेल_मिरजकर

मी मूळचा मिरजेचा, सध्या पुण्यात. एलईडी वॉलचा ऑपरेटर आहे, स्वतःचा माल एकही नाही. ज्याची वॉल त्याच्याकडं रोजावर जातो: कॉर्पोरेट, लग्नं, कॉन्सर्ट, राजकीय सभा, सगळं. त्यामुळं मला कुणाला काही विकायचं नाही, हे आधीच सांगतो.

पहिलं त्या सोन्याचं. कोल्डप्लेचे नवी मुंबईत १८, १९ आणि २१ जानेवारी २०२५ ला डी. वाय. पाटील स्टेडियमवर तीन आणि मग अहमदाबादला दोन कार्यक्रम झाले. २६ जानेवारीचा तर हॉटस्टारवर घरबसल्या दाखवला. त्याच्या आधी, ऑगस्ट २०२४ मध्ये, झोमॅटोनं पेटीएमचा तिकीटविक्रीचा धंदा २०४८ कोटींना विकत घेतला. हा आकडा नीट बघा. एवढे पैसे साउंडला, लाइटला किंवा स्टेजला नाही मोजले. ते तिकिटाच्या खिडकीला मोजले, कारण कोण कुठला कार्यक्रम किती पैसे देऊन बघतो ही माहिती खिडकीवाल्याकडं जमा होते. पेपरातलं सोनं बहुतेक ते. स्टेज उभारणाऱ्याला मोठ्या कार्यक्रमात काम मिळतं, पण तिथं कलाकाराचा रायडर येतो, म्हणजे कुठला माल लागेल त्याची यादी. अमुक कंपनीचा लाइन अॅरे स्पीकर, तमुक मिक्सर, पर्याय चालणार नाही. असा माल ठेवणारे देशात मोजके आहेत. तुम्ही-आम्ही त्या रांगेत नाही आणि त्यात वाईट वाटण्यासारखंही काही नाही.

आता तुमच्या तालुक्याचं. तुम्ही बैलगाडा मैदानाचा उल्लेख एका ओळीत केला आणि पुढं गेलात. माझ्या मते तुमचं उत्तर तिथंच आहे.

डिसेंबर २०२१ मध्ये सुप्रीम कोर्टानं बैलगाडा शर्यतींना अंतरिम परवानगी दिली आणि १८ मे २०२३ ला घटनापीठानं शर्यतींचा कायदा वैध ठरवला. तेव्हापासून खानापूर, खटाव, माण, कोरेगाव या पट्ट्यात काय चाललंय ते तुम्ही माझ्यापेक्षा जास्त बघता. आमच्या पुण्यातल्या इव्हेंटवाल्यांना अजून पत्ता नाही, पण यूट्यूबवर एकेका फायनलला जेवढी माणसं लाइव्ह बसलेली असतात तेवढी इथं कॉर्पोरेटवाले पैसे देऊनही जमवू शकत नाहीत. तिकीट नाही, पण बैलवाल्यांची प्रवेश फी आहे, बक्षीस देणारे आहेत, पेंड-भरडावाले, ट्रॅक्टरवाले, सोनार असे जाहिरातदार आहेत. हे पैसे आज कुठं जातात? फ्लेक्सवर.

आणि मैदानात भांडण कशावरून होतं? निकालावरून. कुठली गाडी पुढं गेली, झेंडापंचानं काय बघितलं, यावरून. मोबाइलवर शूट केलेला व्हिडिओ आणून माणसं पंचांच्या अंगावर जातात. आता हिशोब करा. गाडी ताशी ४० किलोमीटरनं रेषेवर आली असं धरलं, तर एका सेकंदात ती ११ मीटर जाते. साधा कॅमेरा सेकंदाला २५ चित्रं घेतो. म्हणजे एका चित्रात गाडी रेषेच्या अलीकडं, पुढच्या चित्रात दीड फूट पुढं. दीड फुटात तीन निकाल लागतात! सेकंदाला ५० चित्रं घेणारा कॅमेरा लावला तर तेच अंतर पाऊण फुटावर येतं. शटर सेकंदाच्या हजाराव्या भागावर ठेवलं की बैलाचं नाक रेषेवर स्पष्ट दिसतं. असा एक कॅमेरा रेषेच्या सरळ रेघेत तिवईवर पक्का बांधून ठेवायचा, संध्याकाळपर्यंत कुणी हात लावायचा नाही. दुसरा गाड्या सुटतात त्या जागेवर, तिसरा निवेदकाजवळच्या उंच स्टेजवर. मधे एटेम मिनीसारखा छोटा स्विचर (कुठल्या कॅमेऱ्याचं चित्र दाखवायचं ते निवडणारी पेटी) आणि रिप्ले दाखवणारा लॅपटॉप. फायनलचा निकाल दहा सेकंदांत स्क्रीनवर हळूहळू चालवून दाखवला की पंच वाचतो, आयोजक वाचतो, आणि पुढच्या वर्षी तो तुमच्याशी ८ हजार की ९ हजार असं घासाघीस करत नाही. कारण स्क्रीन लावणारे गल्लीत चार आहेत, निकाल दाखवणारा एक.

म्हणून मी म्हणतो, वॉल भाड्यानंच आणा. स्क्रीनवर जे दिसतं ते तुमचं असू द्या. साडेसहा लाखांच्या तिसऱ्या हिश्श्यात जुने-नवे मिळून कॅमेरे, स्विचर, लॅपटॉप, केबल एवढं बसतं. ऑपरेटर म्हणून भाच्याला बसवा, तसाही तो मोबाइलवरच असेल.

काही बारीक गोष्टी, ज्या नवीन माणसाच्या लक्षात येत नाहीत. स्क्रीनला फीड थेट स्विचरमधून द्यायचा, यूट्यूबवरून नाही. यूट्यूब कितीतरी सेकंद मागं चालतं, गाडी घरी गेल्यावर स्क्रीनवर सुटते. एचडीएमआयच्या केबलवर १०-१५ मीटरच्या पुढं विश्वास ठेवू नका, लांबच्या कॅमेऱ्याला एसडीआय (लांबवर चित्र नेणारी केबल) लागेल. नेटचं म्हणाल तर सकाळी मैदानावर फुल रेंज असते आणि दुपारी गर्दी झाली की टॉवर बसतो. जवळच्या घरातून ब्रॉडबँडची तार ओढा, त्यांना त्या महिन्याचं बिल द्या. नाहीच जमलं तर दोन वेगवेगळ्या कंपन्यांची सिम राउटरमध्ये घालून तो ट्रसवर उंच बांधा.

आवाजाचं तुमच्याकडं आधीच सोपं आहे. एक्स-३२ मिक्सरला १६ बस आहेत, म्हणजे आवाज वेगवेगळा बाहेर काढायच्या वाटा. एक बस फक्त यूट्यूबसाठी ठेवा आणि तिच्यात निवेदकाचा माइक आणि मैदानाचा एखादा माइक एवढंच सोडा. मधल्या वेळात लावलेली सिनेमाची गाणी त्यात गेली की कॉपीराइटवरून आवाज तरी बंद होतो नाहीतर प्रक्षेपण तरी.

कराडकर दादा, तुमचे माइक बहुतेक ७०० मेगाहर्ट्झच्या पट्ट्यातले असणार. मागं लेबल बघा. ७०३ ते ७४८ आणि ७५८ ते ८०३ हा पट्टा आता मोबाइल सेवेचा आहे. तिथला माइक दुरुस्त करून उपयोग नाही, ५०० च्या घरातला घ्या.

विट्याचा_साउंडवाला

मिरजकर दादा, दीड फुटात तीन निकाल हे वाचून आबा पहिल्यांदा हसले. त्यांनी झेंडापंच म्हणून मार खाल्लेला आहे.

पण दोन शंका. एक, भाड्याची वॉल म्हणजे परत तोच सांगलीवाला, परत तीन वाजता. दुसरं, उद्या घ्यायचीच ठरली तर बघायचं काय? मला साउंडमधलं कळतं, पॅनल सगळे सारखेच दिसतात.

पिक्सेल_मिरजकर

तीन वाजताचं सोपं आहे. पॅनल त्याचे घ्या, प्रोसेसर आणि केबल तुमची ठेवा, जोडणी तुम्ही शिका. माल आदल्या रात्री तुमच्या गाडीतून आणायचा. ऑपरेटरशिवाय नुसता माल मागितला की भाडंही उतरतं. प्रोसेसर चालवायचं नोव्हास्टारचं सॉफ्टवेअर दोन संध्याकाळी बसलं तर येतं.

घ्यायचीच असेल तर पुढचं बघा.

१२ बाय ८ म्हणजे नक्की काय येतं ते समजून घ्या. कॅबिनेट, म्हणजे पॅनलची एकेक पेटी, ५०० बाय ५०० मिलिमीटरचे असतात. आडवे ७, उभे ५, एकूण ३५. प्रत्यक्षात साडेअकरा फूट बाय सव्वाआठ फूट. पी ३.९१ च्या एका कॅबिनेटमध्ये १२८ बाय १२८ ठिपके, म्हणजे अख्खी वॉल ८९६ बाय ६४०, पावणेसहा लाख ठिपके. प्रोसेसरचा एक लॅन पोर्ट साधारण साडेसहा लाख ठिपके ओढतो. तुमची वॉल एका पोर्टवर बसते. विकणारा सांगेल एकच वायर पुरते. पुरते, पण तुम्ही शेवटच्या कॅबिनेटमधून दुसरी वायर परत प्रोसेसरच्या दुसऱ्या पोर्टला आणा आणि सॉफ्टवेअरमध्ये तो बॅकअप म्हणून लावा. मधली एखादी वायर सुटली तर चित्र दुसऱ्या टोकाकडून येत राहतं. शंभर रुपयांची वायर आहे, पण मुख्यमंत्री स्टेजवर असताना अर्धी स्क्रीन काळी झालेली मी बघितली आहे.

रिफ्रेश रेट (सेकंदाला चित्र किती वेळा ताजं होतं तो आकडा) ३८४० च मागा. १९२० चा माल डोळ्याला ठीक दिसतो, पण मोबाइलमध्ये आणि कॅमेऱ्यात आडव्या काळ्या पट्ट्या येतात. आजकाल प्रत्येक पाहुणा मोबाइल काढून उभा असतो, त्यामुळं तुमची स्क्रीन कॅमेऱ्यातूनच जास्त बघितली जाते. उजेड साडेचार-पाच हजार निट्सचा हवा (निट्स म्हणजे उजेडाचं माप). इनडोअर पॅनल दुपारच्या उन्हात नेला तर धुतलेल्या धोतरासारखा दिसतो.

आणि सगळे पॅनल एकाच लॉटचे घ्या, त्याच लॉटची थोडी सुटी मॉड्यूल जास्तीची. पुढच्या वर्षी दुसऱ्या लॉटचे घेऊन वॉल वाढवली तर पांढऱ्या रंगावर बुद्धिबळाचा पट दिसतो. जुना माल घेणार असाल तर पेटी उघडून चार कोपऱ्यांवरचे दिवे बघा. उतरवताना आपटतात ते कोपरेच. पावसाळ्यात माल गोदामात पडून असेल तर दर आठवड्याला कमी उजेडावर तासभर चालवायचा. ओल धरलेल्या पॅनलला एकदम फुल उजेड दिला की ठिपके मरतात.

आता विजेचं, कारण खरं नुकसान तिथंच होतं. ३५ कॅबिनेट सगळी पांढरी झाली तर ६-७ किलोवॉट ओढतात. तिन्ही फेजवर वाटून घ्या. आणि आपल्याकडं गावात काय होतं? आयोजकाचा माणूस आकडा टाकतो किंवा जनरेटरवाला न्यूट्रलचा स्क्रू हातानं पिळतो. कार्यक्रमात न्यूट्रल सुटला की फेज-फेजचा मिळून ४०० च्या आसपास व्होल्ट तुमच्या मालावर येतो आणि एका क्षणात सगळे पॉवर सप्लाय उडतात. साउंडवाल्याचे अॅम्प गेलेले तुम्ही बघितले असतीलच. त्यामुळं वॉलच्या आधी स्वतःचा डिस्ट्रिब्युशन बॉक्स करून घ्या. व्होल्टेज जास्त झालं की तोडणारा रिले, न्यूट्रलला लग लावून घट्ट नट, आणि जोडण्याआधी मीटर लावून तिन्ही फेज बघितल्याशिवाय स्विच वर करायचा नाही. जनरेटरवाला रागावतो. रागावू दे.

शेवटी वारा. हे मला फार कमी लोक विचारतात. घाटकोपरला १३ मे २०२४ च्या वादळात होर्डिंग पडलं आणि १७ माणसं गेली. ते प्रचंड होतं, तुमची वॉल छोटी आहे, पण वाऱ्याचं गणित तेच. तुमच्या वॉलचं क्षेत्रफळ पावणेनऊ चौरस मीटर. ताशी ६० किलोमीटरच्या वाऱ्यात तिच्यावर साधारण १५० किलोचा आडवा जोर येतो. वारा ९० झाला की तोच जोर ३३० किलोच्या पुढं जातो. वारा दीडपट, जोर सव्वादोनपट. आपला सगळा सीझन एप्रिल-मेमध्ये, वळवाच्या तोंडावर. मागं नुसत्या दोन वाळूच्या गोण्या टाकून उभ्या केलेल्या वॉल बघितल्या की माझ्या पोटात गोळा येतो. पायाला पाण्याच्या टाक्या किंवा सिमेंटचे ठोकळे, मागून तिरके आधार, आणि ढग काळे झाले की स्क्रीन खाली. आयोजक किती का ओरडेना. ठरवतानाच हे बोलून घ्यायचं.

हिशेब_बार्शी

नमस्कार. आमच्या घरी साउंड आणि मंडप दोन्ही आहे. गाडीबरोबर हे आणि दीर जातात, पैसे मागायला आणि वही सांभाळायला मी. मिरजकर भाऊंनी मालाचं सांगितलं, मी पैशाचं सांगते.

दादा, साडेसहा लाखांवर १८ टक्क्यांनी १ लाख १७ हजार जीएसटी होतो. तुमची जीएसटी नोंदणी नसेल तर तो थेट तुमच्या खिशातून. नोंदणी असेल तर क्रेडिट मिळतं, पण मग लग्नाच्या पार्टीलाही १८ टक्के लावावे लागतात आणि पार्टी म्हणते, "बिल नको, कमी करा." सेवेच्या धंद्याला वर्षाची उलाढाल २० लाखांच्या वर गेली की नोंदणी सक्तीची आहे. त्याच्या खाली असाल तर आधी ठरवा की तुम्हाला लग्नं करायची आहेत की कंपन्या, कारखाने, शाळा-कॉलेजं. बिलाशिवाय ही दुसरी मंडळी दारात उभं करत नाहीत. यंत्राच्या भाड्यावर ते २ टक्के टीडीएस कापतात तेव्हा घाबरू नका, ते पैसे रिटर्न भरताना तुमच्या करात वळते होतात, जास्तीचे परत मिळतात.

उद्यम नोंदणी (लघुउद्योगांची सरकारी नोंदणी) आजच करा, फुकट आहे. मोबाइलवर होते, एजंटला पैसे देऊ नका. काम करायच्या आधी नोंदणी असली पाहिजे, नंतर करून मागच्या बिलाला उपयोग नाही. लघुउद्योगांच्या कायद्यानं लेखी करार असला तरी ४५ दिवसांत पैसे द्यावे लागतात, करार नसेल तर १५ दिवसांत. आणि २०२३-२४ पासून आयकराचा नियम असा आहे की वेळेत पैसे दिले नाहीत तर समोरच्या कंपनीला तो खर्च त्या वर्षी दाखवता येत नाही. बिलावर खाली उद्यम नंबर छापायला लागल्यापासून आमचे कारखान्याकडचे पैसे मार्चच्या आत येतात. आधी "साहेब रजेवर आहेत" हे मी इतक्यांदा ऐकलंय की त्या साहेबांच्या बायकोलाही एवढ्या रजा माहीत नसतील.

राजकीय सभांना हे काही लागू पडत नाही. तिथं इसार नाही तर गाडी नाही. उमेदवार पडला तर पैसे बुडाले, निवडून आला तर मागायची चोरी.

कर्जाचं म्हणाल तर पंचांग उघडा. २०२६ ला अधिक ज्येष्ठ आहे, १७ मे ते १५ जून. ऐन सीझनचा महिना लग्नाविना जाणार आणि त्यानंतर लगेच चातुर्मासाची चाहूल. पतसंस्थेचा हप्ता अधिक मास पाळत नाही. घेणारच असाल तर हप्ता दिवाळीनंतर सुरू होईल असं बघा, मागितलं तर देतात.

आणि भाच्याला बसवणार असाल तर पगार ठरवून बसवा. घरचा आहे म्हणून फुकट राबवलं की दोन सीझननंतर तोच स्वतःची स्क्रीन घेऊन तुमच्या समोर उभा राहतो.

नाटकवेडा_रत्नागिरी

मी साउंडवाला नाही, नाटकं आणि गाण्याचे कार्यक्रम लावतो. एकच भर घालतो. आउटडोअर वॉल नाट्यगृहात पण चालेल असं विकणारा सांगेल, चालत नाही. पाच हजार निट्सची स्क्रीन आत आणली की ऑपरेटर ती आठ-दहा टक्क्यांवर आणतो, आणि तेवढ्या खाली स्वस्त पॅनलचे रंग तुटतात. मागं संध्याकाळचं आकाश दाखवायचं होतं, तिथं पायऱ्या दिसल्या. नटाच्या तोंडावरचा प्रकाश मागच्या झगमगाटात मरतो तो वेगळाच. पुढच्या दोन रांगांना चित्र नाही, ठिपके दिसतात. त्यामुळं एकाच मालात आत-बाहेर दोन्ही धंदे असा हिशोब धरू नका.

तिकिटाच्या खिडकीबद्दल मिरजकर बोलले ते आम्हाला रोज सोसावं लागतं. पूर्वी नाट्यगृहावर प्लॅन उघडला, म्हणजे तिकीटविक्री सुरू झाली, की खिडकीवरच्या माणसाला डॉक्टरीणबाईंना कोपऱ्यातली खुर्ची लागते हे माहीत असायचं. आता निम्मी तिकिटं अॅपवर जातात, पैसे नंतर येतात आणि कोण येऊन गेलं ते आम्हालाच कळत नाही. ५०० रुपयांपर्यंतच्या तिकिटाला जीएसटी नाही, त्यापुढं १८ टक्के, म्हणून पुढच्या रांगांचं तिकीट मी ५०० वर थोपवून धरतो. आणि प्रयोगाला आलेल्या प्रत्येकाकडून व्हॉट्सअॅपचा नंबर दारातच वहीत लिहून घेतो. तेवढीच आमची माहिती, ती कुणाला विकलेली नाही.

बेसवाला_कराड

ताईंनी अधिक मासाचं सांगितलं ते मी नवं कर्ज काढताना धरलंच नव्हतं, घरी कॅलेंडर बघून आलो. माइकचं लेबल पण बघितलं, ७४० निघालं. मिरजकरांना मानलं.

तरी मी म्हणेन, स्क्रीन स्वतःची असली की गावात वट राहते.

विट्याचा_साउंडवाला

वट आहे हो, पण वटेवर पतसंस्था सूट देत नाही.

सगळ्यांचे आभार. काल सांगलीवाल्याशी बोललो. ऑपरेटरशिवाय, माझ्या गाडीत, सीझनभर ठरवून घेतली तर तो बराच खाली यायला तयार आहे. मैदानाच्या दोन आयोजकांना निकालाच्या कॅमेऱ्याबद्दल विचारलं. एक म्हणाला, "आधी दाखव, मग बघू." दुसऱ्यानं सरळ विचारलं की रिप्ले चालताना कोपऱ्यात त्याच्या पेंडीच्या दुकानाचं नाव येईल का. मी हो म्हणालो, पैसे किती घ्यायचे ते ताईंना विचारतो.

उद्यम नोंदणी झाली, भाच्यानंच केली. त्याच्या पगाराचा विषय आबांसमोर काढायचाय, त्याला जरा धीर लागेल.

डिस्ट्रिब्युशन बॉक्स इथल्याच मोटार रिवाइंडिंगवाल्याकडं करायला टाकलाय. मिरजकर दादा, शेवटचं एक. रेषेवरच्या कॅमेऱ्यापासून आमच्या स्टेजपर्यंत पावलानं मोजलं तर दोनशे मीटर भरतं. एसडीआय पोचेल का?

पिक्सेल_मिरजकर

नाही पोचणार. फुल एचडी ५० ला ७०-८० मीटर बिनघोर समजा, तेही केबल चांगली असेल तर. दोनशेला फायबर आणि दोन्ही टोकांना कन्व्हर्टर. ड्रमवर गुंडाळलेली, जाड कवचाची फायबर मिळते तीच घ्या, घरात नेट जोडायची पातळ नको.

आणि ड्रम दोन घ्या. बैल आणि छकडी उतरवायला आलेला टेंपो एका ड्रमवरून जातोच.

हिशेब_बार्शी

पेंडीवाल्याकडून मैदानाचे ठोक घेऊ नका, फायनलचे वेगळे आणि आधीच्या गटांच्या फेऱ्यांचे वेगळे लावा. फायनलला स्क्रीनकडं सगळे बघतात. निम्मे आधी.